एका महासंचालकाची गच्छंती : हेग, एप्रिल २००२

महाराष्ट्रात सरकारी अधिकाऱ्यावर राजकीय दाब कसा येतो, हे कुणाला समजावून सांगावे लागत नाही. मुदत भरण्याआधी निघालेला बदलीचा आदेश, त्यावर ‘मॅट’कडे (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे) घेतलेली धाव, स्थगिती मिळाली की नाही याची दुसऱ्या दिवशीची बातमी, हा क्रम पुण्यातील वर्तमानपत्र वाचणाऱ्या प्रत्येकाच्या परिचयाचा आहे. परंतु ज्या अधिकाऱ्याची बदली करू शकेल असे एकही सरकार नाही, ज्याला नेमणारे देश शंभराहून अधिक आहेत आणि ज्याने कोणत्याही एका देशाचे ऐकायचे नाही असे त्याच्या पदाच्या मूळ करारातच लिहिलेले आहे, त्याच्यावरचा दाब कुठून येतो आणि तो त्याला कशाच्या आधारावर तोंड देतो, याचे उत्तर इतके सरळ नाही. सदाशिव पेठेतील आमच्या लोकप्रशासनाच्या अभ्यासवर्गात यंदा आम्ही या प्रश्नासाठी एकच प्रकरण निवडले आणि त्यावर सलग चार शनिवार दिले. ते प्रकरण म्हणजे रासायनिक शस्त्रास्त्र प्रतिबंध संघटनेचे पहिले महासंचालक जोझे मॉरिसिओ बुस्तानी यांना मुदतीच्या मध्येच पदावरून दूर करण्याचे. वर्गातील चर्चेतून हाती आलेले येथे सविस्तर मांडत आहे. मते अर्थातच माझी आहेत.

घटनाक्रम

रासायनिक अस्त्रांवर बंदी घालणारा करार जानेवारी १९९३ मध्ये पॅरिस येथे सह्यांसाठी खुला झाला आणि २९ एप्रिल १९९७ रोजी अमलात आला. त्या वेळी ८७ राष्ट्रे त्यात होती. कराराची अंमलबजावणी पाहण्यासाठी नेदरलँड्समधील हेग शहरात ही संघटना उभी राहिली. तिची रचना तीन पायऱ्यांची आहे. सर्व सदस्य राष्ट्रांची सर्वसाधारण परिषद सर्वात वर, तिच्याखाली ४१ राष्ट्रांची कार्यकारी परिषद, आणि प्रत्यक्ष काम करणारे तांत्रिक सचिवालय. सचिवालयाच्या प्रमुखाला महासंचालक म्हणतात. कार्यकारी परिषदेने शिफारस करायची, सर्वसाधारण परिषदेने नेमायचे, मुदत ४ वर्षांची आणि फेरनेमणूक एकदाच, अशी करारातील तरतूद आहे.

ब्राझीलचे मुत्सद्दी असलेले बुस्तानी १९९७ मध्ये या पदावर आले. त्यांच्या कारकिर्दीत सदस्यसंख्या १४५ पर्यंत गेली. मे २००० मध्ये, पहिली मुदत संपायला एक वर्ष शिल्लक असतानाच, त्यांची एकमताने फेरनेमणूक झाली आणि मे २००५ पर्यंतचे पद निश्चित झाले. अमेरिकेचे तत्कालीन परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल यांनी २००१ मध्ये त्यांच्या कामाची लेखी प्रशंसाही केली होती. त्यानंतर वर्षभराच्या आत अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने, विशेषतः शस्त्रनियंत्रणाचे काम पाहणारे उपमंत्री जॉन बोल्टन यांनी, बुस्तानी यांनी पद सोडावे असा आग्रह धरला. अव्यवस्थित कारभार, आर्थिक बेशिस्त आणि अधिकाराबाहेर जाऊन घेतलेले पुढाकार असे आक्षेप मांडले गेले. बुस्तानी यांचे म्हणणे वेगळे होते. इराकला या करारात आणण्यासाठी आपण प्रयत्न करत होतो. इराक सदस्य झाला असता तर आमच्या निरीक्षकांना तेथे जाता आले असते आणि युद्धाचे एक कारण कमी झाले असते, म्हणून आपल्याला हटवण्यात आले, असे ते सातत्याने सांगत राहिले.

पहिला प्रयत्न ब्राझीलमार्फत झाला. बुस्तानी यांना परत बोलावून घ्या, असे ब्राझीलला सुचवण्यात आले. तेथे अडचण आली ती अशी की बुस्तानी हे त्या पदावर ब्राझीलचे प्रतिनिधी नव्हते, त्यामुळे त्यांना परत बोलावण्याचा अधिकार ब्राझीलकडेही नव्हता. दुसरा प्रयत्न मार्च २००२ मध्ये कार्यकारी परिषदेत झाला. अविश्वासाच्या ठरावाच्या बाजूने १७ मते पडली, विरोधात ५, आणि १८ राष्ट्रे तटस्थ राहिली. ठराव पडला. तिसऱ्या प्रयत्नात सर्व सदस्य राष्ट्रांची विशेष बैठक बोलावण्यात आली. राजीनामा देऊन सन्मानाने बाजूला होण्याचा मार्ग बुस्तानी यांना खुला होता. तो त्यांनी नाकारला. मला नेमले ते सर्व राष्ट्रांनी, तेव्हा काढायचे असेल तर त्यांनीच उघड मतदान करून काढावे, अशी त्यांची भूमिका होती. २२ एप्रिल २००२ रोजी ४८ विरुद्ध ७ मतांनी त्यांना दूर करण्यात आले. ४३ राष्ट्रे तटस्थ राहिली. संघटनेला ५ वर्षे पूर्ण व्हायला तेव्हा एक आठवडा बाकी होता.

तटस्थ मताचे वजन

वर्गात सर्वाधिक वेळ आम्ही या दोन मतदानांच्या आकड्यांवर घालवला, आणि माझ्या मते या प्रकरणातील सर्वात बोधक भाग तोच आहे.

कार्यकारी परिषदेत महत्त्वाच्या विषयावर निर्णय घ्यायचा तर एकूण सदस्यसंख्येच्या दोन तृतीयांश मते लागतात. म्हणजे ४१ पैकी जे राष्ट्र हात वर करत नाही, ते आपोआप ठरावाच्या विरोधातच जमा होते. मार्चमध्ये १८ राष्ट्रे तटस्थ राहिली आणि त्या तटस्थतेनेच बुस्तानी वाचले. सर्वसाधारण परिषदेत मात्र हजर राहून मतदान करणाऱ्यांच्या दोन तृतीयांश मते पुरतात. येथे तटस्थ राहणारा गणतीतूनच बाहेर पडतो. एप्रिलमध्ये मतदान केले ५५ राष्ट्रांनी, दोन तृतीयांश म्हणजे ३७ मते पुरेशी होती, आणि ४८ पडली. फळ्यावर हे गणित मांडून दाखवल्यावर मागच्या बाकावरून एका विद्यार्थिनीने विचारले, “म्हणजे मॅडम, १४५ पैकी ४८ देशांनी त्यांना काढले, आणि बाकीच्यांनी?” बाकीच्यांपैकी ७ जणांनी विरोध केला, ४३ जण गप्प बसले, आणि उरलेल्या ४७ राष्ट्रांचे मत नोंदलेच गेले नाही. एकूण सदस्यांपैकी एक तृतीयांश राष्ट्रांच्या मतावर निर्णय झाला.

तटस्थ राहणाऱ्या ४३ देशांच्या मुत्सद्द्यांना हा फरक ठाऊक नसेल असे मानणे कठीण आहे. मार्चमध्ये तटस्थ राहणे म्हणजे संरक्षण देणे होते, एप्रिलमध्ये तेच तटस्थ राहणे म्हणजे वाट मोकळी करून देणे होते, आणि तरीही दोन्ही वेळा आपापल्या राजधानीला ‘आम्ही कुणाचीच बाजू घेतली नाही’ असे कळवता येत होते. स्वतंत्र सचिवालयाला उघड विरोध करणारे देश नेहमीच थोडे असतात. त्याचे रक्षण करण्यासाठी किंमत मोजायला तयार असलेले देश त्याहूनही थोडे असतात. बहुसंख्य देशांना कुंपणावर बसायचे असते. म्हणून मतदानाचा नियम लिहिताना कुंपणावरच्या माणसाला कोणत्या बाजूला मोजायचे, या एका बाबीवर संपूर्ण स्वायत्तता अवलंबून राहू शकते. करार लिहिणाऱ्यांनी महासंचालकाला दूर करण्याची रीत लिहिलीच नव्हती. त्यामुळे हा निर्णय कोणत्या सभागृहात आणि कोणत्या बहुमताने व्हावा, हेही ठरलेले नव्हते.

शपथ आणि तिचा आधार

आंतरराष्ट्रीय नोकरशाही ही कल्पना तशी शंभर वर्षांचीच आहे. संयुक्त राष्ट्रांच्या आधीच्या राष्ट्रसंघाचे (लीग ऑफ नेशन्सचे) पहिले महासचिव सर एरिक ड्रमंड यांनी १९१९ नंतर जिनिव्हा येथे प्रथमच असे सचिवालय उभे केले, ज्यातील कर्मचारी आपापल्या देशाचे प्रतिनिधी नसून संस्थेचे नोकर होते. संयुक्त राष्ट्रांच्या सनदेच्या कलम १०० ने हीच कल्पना उचलली: महासचिव आणि कर्मचारी कोणत्याही सरकारकडून सूचना मागणार नाहीत वा घेणार नाहीत, आणि सदस्य राष्ट्रे त्यांच्यावर प्रभाव टाकण्याचा प्रयत्न करणार नाहीत. रासायनिक अस्त्रांच्या कराराच्या आठव्या कलमात जवळजवळ याच शब्दांत ही हमी आहे. सोव्हिएत नेते ख्रुश्चेव्ह यांना मात्र तटस्थ माणूस असू शकतो हेच मान्य नव्हते, आणि १९६० मध्ये त्यांनी एका महासचिवाच्या जागी तीन गटांचे तिघे बसवावेत असा प्रस्ताव मांडला होता. त्यावर संयुक्त राष्ट्रांचे तत्कालीन महासचिव डाग हॅमरशोल्ड यांनी मे १९६१ मध्ये ऑक्सफर्डच्या व्याख्यानात दिलेले उत्तर आजही वाचण्यासारखे आहे. माणसाला स्वतःची मते असतात हे मान्य करूनही, कामात तो ती बाजूला ठेवू शकतो आणि तसे करणे हा सचोटीचा प्रश्न आहे, असे त्यांचे म्हणणे होते.

सचोटी अधिकाऱ्याच्या हातात असते. त्याची खुर्ची मात्र त्याच्या हातात नसते. कलम १०० सारखी कलमे अधिकाऱ्याने कसे वागावे हे सांगतात, सरकारांनी काय करू नये हेही सांगतात, परंतु सरकारांनी ते केलेच तर पुढे काय, याबद्दल त्यांत काही नाही.

येथे दुसऱ्या दोन घटनांचा उल्लेख करणे आवश्यक वाटते. १९९६ मध्ये बुत्रोस बुत्रोस-घाली यांना महासचिवपदाची दुसरी मुदत मिळू नये म्हणून अमेरिकेने सुरक्षा परिषदेत नकाराधिकार वापरला. १५ पैकी १४ मते त्यांच्या बाजूने होती. आणि बुस्तानी यांच्यावरील मतदानाच्या तीनच दिवस आधी, १९ एप्रिल २००२ रोजी, हवामानबदलाच्या आंतरशासकीय मंडळाचे अध्यक्ष रॉबर्ट वॉटसन यांना फेरनिवडीत हार पत्करावी लागली आणि अमेरिकेचा पाठिंबा असलेले भारताचे राजेंद्र पचौरी निवडून आले. आपल्याकडे त्या बातमीचा आनंद झाला, आणि तो स्वाभाविक होता. तरी त्या आठवड्यातील या दोन घटना शेजारी ठेवून पाहिल्या पाहिजेत. मुदत संपल्यावर फेरनिवड नाकारणे नियमात बसते आणि त्याविरुद्ध कुठे दादही मागता येत नाही. फेरनिवडीची आशा असलेला अधिकारी पहिली मुदत जपून वागण्यात घालवतो, हे आपण आपल्या कार्यालयांतही पाहतो. बुस्तानी यांची फेरनेमणूक आधीच झालेली होती आणि त्यापुढे तिसरी मुदत नव्हतीच, त्यामुळे हा दोर कुणाच्या हातात उरला नव्हता. म्हणूनच थेट हटवण्याचा मार्ग घ्यावा लागला.

कुरकुंभच्या कारखान्यातील चोवीस तास

या संघटनेचे काम आपल्यापासून फार दूर नाही. पुणे जिल्ह्यात दौंड तालुक्यातील कुरकुंभच्या औद्योगिक वसाहतीत रासायनिक कारखाने आहेत. ठरावीक मर्यादेपेक्षा अधिक सेंद्रिय रसायने तयार करणाऱ्या कारखान्यांना दरवर्षी उत्पादनाची माहिती सरकारमार्फत हेगला कळवावी लागते आणि त्यांपैकी काहींची तपासणी होते. आमच्या एका विद्यार्थिनीचे वडील तेथील एका कारखान्यात सुरक्षा विभागात होते आणि त्यांनी अशी एक तपासणी जवळून पाहिली होती. तिसऱ्या शनिवारी ते वर्गात आले.

काकांनी सांगितले ते असे. किमान १२० तास आधी सूचना येते आणि तपासणी २४ तासांत संपवावी लागते. पथकात चौघे होते, चार वेगवेगळ्या देशांचे, आणि भारतीय एकही नव्हता, कारण ज्या देशात तपासणी आहे त्या देशाचा नागरिक पथकात घेताच येत नाही. दिल्लीहून या कराराचे भारतातील काम पाहणाऱ्या राष्ट्रीय प्राधिकरणाचे अधिकारी त्यांच्याबरोबर आले होते. सुरुवातीला कारखान्याची माहिती देण्याची बैठक झाली, नंतर गोदाम, वजनकाटा, लॉगबुक, रिॲक्टर असा फेरा. एक निरीक्षक एका पाइपलाइनपाशी बराच वेळ थांबला. तिच्या टोकाला ब्लाइंड फ्लँज, म्हणजे पाइपचे तोंड बंद करणारी बोल्टने आवळलेली चकती, बसवलेली होती. ही लाइन पूर्वी कुठे जात होती, असे त्याने विचारले. जुना नकाशा काढून आणेपर्यंत तो तेथून हलला नाही, आणि नकाशा पाहिल्यावर फ्लँजचे बोल्ट किती जुने आहेत हे टॉर्च लावून पाहिले. शेवटी प्राथमिक निष्कर्षांचा कागद लिहून झाला, दोन्ही बाजूंनी सह्या झाल्या. व्यवस्थापनाने आपल्या रीतीप्रमाणे शाल-श्रीफळ तयार ठेवले होते. पथकप्रमुख बाईंनी हात जोडले, चहा घेतला, आणि शाल व नारळ टेबलावरच राहू दिले. काका म्हणाले, “साहेब लोकांना थोडे वाईट वाटले. पण मला बरे वाटले. आमच्या फॅक्टरी इन्स्पेक्टरच्या वेळी टेबलावर काही राहत नाही.”

हा प्रसंग मी विस्ताराने देते, कारण स्वायत्ततेची चर्चा बहुधा महासचिव आणि महासंचालक यांच्यापाशीच थांबते. त्या बोल्टवर टॉर्च धरणाऱ्या निरीक्षकाला, आपल्या अहवालातील एखादे वाक्य कुणा मोठ्या देशाला खटकले तरी आपल्यावर गंडांतर येणार नाही, एवढी खात्री असावी लागते. महासंचालकाला महिनाभरात घालवता येते हे दिसल्यावर ती खात्री खालच्या प्रत्येक टेबलावर कमी होते. याच संघटनेत कर्मचाऱ्यांना साधारणपणे ७ वर्षांपेक्षा जास्त काळ ठेवायचे नाही असाही नियम आहे. नव्या ज्ञानाची माणसे येत राहावीत हा त्यामागचा हेतू समजण्यासारखा आहे. परंतु ७ वर्षांनी ज्याला आपल्या देशाच्या संरक्षण प्रयोगशाळेत किंवा मंत्रालयात परतायचे आहे, त्याने त्या मंत्रालयाला नाराज करण्याचे धैर्य किती दाखवावे? प्रतिनियुक्तीवर गेलेल्या कोणत्याही अधिकाऱ्याला हा प्रश्न अपरिचित नाही. ड्रमंड यांनी कायमस्वरूपी नोकरीवर भर दिला होता, तो याच कारणासाठी.

वर्गणी

पैशाचा मार्ग थोडक्यात सांगता येतो. संघटनेच्या अंदाजपत्रकाचा सुमारे २२ टक्के वाटा एकटी अमेरिका देते. २००१ मध्ये संघटनेकडे इतकी टंचाई होती की ठरलेल्या तपासण्या कमी कराव्या लागल्या, आणि वर्गण्या उशिरा येणे हे त्याचे एक प्रमुख कारण होते. पूर्ण दोन वर्षांइतकी थकबाकी झाली तरच मतदानाचा हक्क जातो. काही महिन्यांचा उशीर केला तर काहीच होत नाही. कोथरूडच्या एखाद्या सोसायटीत सर्वात मोठ्या फ्लॅटच्या मालकाने देखभालीचा पैसा मार्चपर्यंत रोखून धरला आणि नंतर सभेत सचिवाला पाण्याच्या टँकरचा हिशेब विचारला, तर काय होते हे सर्वांना माहीत आहे. महासंचालकांवरील ‘आर्थिक बेशिस्ती’च्या आक्षेपाचा विचार करताना ही बाजू विसरता येत नाही. अमेरिकेने १९९८ च्या आपल्या अंमलबजावणी कायद्यात रसायनांचे नमुने देशाबाहेर नेण्यास मनाई केली होती, आणि बुस्तानी सर्वांना सारखाच नियम लावण्याचा आग्रह धरत होते, हेही ध्यानात घ्यावे.

न्यायाधिकरणाचा निर्णय

पदावरून गेल्यानंतर बुस्तानी यांनी आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे तक्रार केली. जिनिव्हातील हे न्यायाधिकरण १९२७ मध्ये राष्ट्रसंघाच्या कर्मचाऱ्यांसाठी स्थापन झाले होते आणि आज अनेक आंतरराष्ट्रीय संस्थांनी त्याचे अधिकारक्षेत्र मान्य केलेले आहे. आपल्या ‘मॅट’चे हे दूरचे थोरले भावंड म्हणता येईल.

संघटनेचा बचाव असा होता की महासंचालक हा सामान्य कर्मचारी नाही, परिषदेचा निर्णय राजकीय स्वरूपाचा आहे, आणि तो न्यायाधिकरणाच्या कक्षेत येत नाही. शिवाय ज्याला नेमण्याचा अधिकार त्याला काढण्याचा अधिकार, हा युक्तिवाद या सगळ्याच्या मुळाशी होता. वर्गातील कायद्याच्या विद्यार्थ्यांना तो लगेच ओळखीचा वाटला. आपल्या जनरल क्लॉजेस ॲक्ट, १८९७ च्या कलम १६ मध्ये नेमणुकीच्या अधिकारात निलंबन आणि बडतर्फीचा अधिकार अंतर्भूत मानला आहे. एकाने उठून विचारलेही, “मग अमेरिकेचे काय चुकले?” त्याला उत्तर दुसऱ्या विद्यार्थिनीने दिले: कलम १६ आहे, पण राज्यघटनेचा अनुच्छेद ३११ देखील आहे. चौकशी केल्याशिवाय, आरोप कळवल्याशिवाय आणि म्हणणे ऐकल्याशिवाय नागरी सेवकाला बडतर्फ करता येत नाही. नेमणाऱ्याला काढता येते, पण वाटेल तसे काढता येत नाही.

१६ जुलै २००३ रोजी दिलेल्या निकाल क्रमांक २२३२ मध्ये न्यायाधिकरणाने जवळपास हीच भूमिका घेतली. महासंचालक हाही आंतरराष्ट्रीय सेवकच आहे आणि त्याची तक्रार ऐकता येते, असे त्यांनी ठरवले. नेमणाऱ्या मंडळाला आपल्या मर्जीने केव्हाही नेमणूक संपवता येते असे मानले, तर आंतरराष्ट्रीय संस्थांचे अधिकारी राजकीय दबावाच्या आणि सत्तापालटाच्या तावडीत सापडतील, असे त्यांनी स्पष्ट केले. अपवादात्मक परिस्थितीत, गंभीर गैरवर्तन झाले असल्यास, मुदतीआधी दूर करता येईल, परंतु त्यासाठी योग्य प्रक्रिया हवी आणि संबंधिताला बचावाची संधी हवी. या प्रकरणात दिलेली कारणे अत्यंत मोघम होती आणि प्रक्रियाही पाळली गेली नव्हती. निर्णय रद्द ठरला. उरलेल्या मुदतीच्या वेतनाची भरपाई आणि मनस्तापापोटी ५० हजार युरो देण्याचा आदेश झाला. ती ५० हजारांची रक्कम बुस्तानी यांनी संघटनेच्याच सहकार्य कार्यक्रमाला देऊन टाकली.

तोपर्यंत अर्जेंटिनाचे रोखेलियो फिर्तेर वर्षभर त्या खुर्चीत बसलेले होते आणि इराकवर स्वारी होऊन चार महिने झाले होते. बुस्तानी यांना पुन्हा पदावर बसवण्याचा आदेश झाला नाही. इराक २००९ मध्ये या कराराचा सदस्य झाला.

भरपाई कुणी दिली, हा प्रश्न वर्गात उशिरा निघाला आणि मला तो फार महत्त्वाचा वाटतो. रक्कम संघटनेच्या तिजोरीतून गेली, म्हणजे सर्व सदस्य राष्ट्रांच्या वर्गणीतून. तिच्यात ज्यांनी विरोधात मत दिले त्यांचा पैसा होता, आणि भारताचाही थोडा वाटा होता. ज्या सरकारने हे घडवून आणले त्याला स्वतंत्रपणे काहीही भरावे लागले नाही. बेकायदा बदलीचा आदेश ‘मॅट’ने रद्द केल्यावर तो आदेश तोंडी सांगणाऱ्याचे नाव जसे कागदावर येत नाही, तसेच हे झाले. तरी या निकालामुळे फरक पडला. पुढच्या वेळी एखाद्या संस्थाप्रमुखाला हटवू पाहणाऱ्या देशाच्या कायदा सल्लागाराला हा निकाल वाचावाच लागेल.

दुसऱ्या बाजूचे म्हणणे

बुस्तानी यांचा कारभार निर्दोष होता असे माझे प्रतिपादन नाही. त्यांच्या कामाच्या पद्धतीबद्दल नाराजी केवळ अमेरिकेत नव्हती. कारभाराविषयीच्या तक्रारी इतर काही पाश्चात्त्य देशांनीही केल्या होत्या, आणि ४८ मते केवळ धाकाने पडली असे म्हणणे त्या देशांवर अन्याय ठरेल. सचिवालय स्वतंत्र असावे याचा अर्थ ते कुणालाच उत्तरदायी नसावे असा होत नाही. लोकशाही देशांतील करदात्यांच्या पैशावर चालणाऱ्या संस्थेच्या प्रमुखाला जाब विचारता आलाच पाहिजे. प्रश्न आहे तो जाब विचारण्याच्या रीतीचा. आरोप लेखी आणि नेमके असावेत, त्यांची तपासणी आरोप करणाऱ्याखेरीज दुसऱ्या कुणी करावी, उत्तर द्यायला वेळ मिळावा, आणि कारणे नोंदवून निर्णय व्हावा. या चार गोष्टी झाल्या असत्या आणि तरीही बुस्तानी दोषी ठरले असते, तर माझी तक्रार राहिली नसती. त्यांपैकी एकही झाली नाही, म्हणून हे उत्तरदायित्व नव्हते, असे मी म्हणते.

दाब एकाच राजधानीतून येतो असेही समजू नये. सीरियातील रासायनिक अस्त्रे नष्ट करण्याच्या कामादरम्यान, २०१३ मध्ये, या संघटनेला शांततेचे नोबेल पारितोषिक मिळाले. आणि एप्रिल २०१८ मध्ये तिच्या हेगमधील मुख्यालयाच्या संगणकजाळ्यात शिरू पाहणाऱ्या ४ रशियन गुप्तचर अधिकाऱ्यांना नेदरलँड्सने देशाबाहेर घालवले.

वर्गाने लिहिलेले कलम

चौथ्या शनिवारी विद्यार्थ्यांना एकच काम दिले होते: करारात नसलेले, महासंचालकाला दूर करण्याचे कलम मराठीत लिहा. पाच गटांनी पाच मसुदे आणले. मुदत एकच, पण ६ किंवा ७ वर्षांची, फेरनेमणूक नाही, यावर चार गटांचे एकमत झाले. चौकशीसाठी सदस्य राष्ट्रांबाहेरील तीन न्यायाधीशांची समिती नेमावी, यावर पाचही गट सहमत होते. महाराष्ट्राच्या २००५ च्या बदल्यांच्या कायद्यातील, मुदतपूर्व बदलीची कारणे लेखी नोंदवण्याची अट दोन गटांनी जवळजवळ शब्दशः उचलली होती. दूर करण्यासाठी एकूण सदस्यसंख्येच्या दोन तृतीयांश मते हवीत, म्हणजे तटस्थ राहणारा देश आपोआप महासंचालकाच्या बाजूने मोजला जावा, हे तीन गटांनी लिहिले. उरलेल्या दोघांचा त्याला विरोध होता. त्यांच्या मते त्यामुळे खरोखर भ्रष्ट निघालेला महासंचालकही कुणाला हलवता येणार नाही, कारण उदासीन देश बैठकीला येतच नाहीत.

थकबाकीदार देशाला या मतदानात भाग घेऊ द्यावा का, यावर वाद सर्वात जास्त रंगला. ज्याने चालू वर्षाची वर्गणी भरलेली नाही त्याला ठराव मांडण्याचा अधिकार नसावा, असे एका गटाने लिहिले होते. त्यावर दुसऱ्याने दाखवून दिले की वर्गणी उशिरा भरणाऱ्यांत गरीब देशही असतात आणि त्यांचा आवाज यात आधी जाईल. शेवटी ‘ठराव मांडणाऱ्या देशाची त्या तारखेपर्यंतची वर्गणी भरलेली असावी, मतदानासाठी ही अट नाही’ अशी दुरुस्ती झाली आणि ती ११ विरुद्ध ९ मतांनी मंजूर झाली. तटस्थ कुणी राहायचे नाही, असे आम्ही मतदानाआधीच ठरवले होते.